पुनावळ्याच्या खाणीतलं काज

सरुबाईच्या मनगटात शेवटची बांगडी चढली आणि टेकडीच्या पायथ्याला सुरुंगाचा बार झाला. रोजचाच बार. पिंपरीकडं नवे कारखाने उभे राहत होते, त्यांना दगड लागत होता, आणि पुनावळ्याची टेकडी वर्षभर त्या कामाला लागली होती. सरुबाईचा नवरा गेनबा सुगी आटोपली की त्याच खाणीवर जायचा. त्यामुळं बार झाला की सरुबाई हातातलं काम क्षणभर थांबवायची आणि पुन्हा सुरू करायची. एवढंच.

त्या दिवशी मात्र तिच्यासमोर बसलेली रहिमाबी थांबली ती थांबलीच. तिनं मान तिरपी करून कानोसा घेतला.

"चाची, काय झालं?" सरुबाईनं विचारलं.

"पाणी दे गं मला. माठातलं नको. विहिरीतलं, ताजं."

रहिमाबी थेरगावची मणेरीण. डोक्यावर बांगड्यांची पाटी घेऊन ती पवनेच्या काठची सगळी गावं पालथी घालायची. पंचक्रोशीतल्या बायांचे हात तिला त्यांच्या चेहऱ्यांपेक्षा जास्त ओळखीचे होते. तिचा एक हट्ट होता. कुणाच्याही घरी गेली की विहिरीचं ताजं पाणी मागायची आणि पिण्याआधी घोट तोंडात घोळवायची. म्हातारीची लहर म्हणून बाया हसत आणि पाणी शेंदून देत.

सरुबाईचा मळा टेकडीच्या उतारावर, खाणीच्या वरच्या अंगाला होता. विहीर दारातच. तिनं कळशी सोडली. दोर हातातून सरकत गेला, सरकतच गेला, आणि कळशी खडकावर आपटल्याचा आवाज आला. मार्गशीर्ष चालला होता. सकाळी गेनबानं मोट हाकली तेव्हा पाणी हात घातला तर लागेल इतकं वर होतं. सरुबाईनं वाकून पाहिलं. तळाशी डबकं राहिलं होतं, आणि तिच्या डोळ्यांदेखत तेही कडेकडेनं आकसत होतं.

"चाची!"

रहिमाबी आधीच उठली होती. तिनं विहिरीत पाहिलं, मग टेकडीकडं. तिच्या चेहऱ्यावर भीती नव्हती. पाहुणा येणार हे ठाऊक असावं आणि तो भलत्या वेळी दारात उभा राहावा, तशी ती दिसत होती.

तेवढ्यात बांधावरून लालमहंमद धावत आला. खाणीत सुरुंग लावायचं काम त्याचं. अंगानं थोराड, नेहमी हसतमुख माणूस, पण आत्ता त्याचे ओठ फुटून रक्त आलं होतं.

"वहिनी," तो म्हणाला आणि त्यानं खाणीकडं बोट केलं.

"हे कुठं हायेत?" सरुबाईनं विचारलं.

"बार झाल्यावर गेनबा पुढं गेला. सुटलेला दगड पाडायला पहार टेकवली. तिथं दगडच नव्हता, वहिनी. तो पहारीसकट आत गेला. मी ओढायला धावलो तर आतून उन्हाची झळ आली. आत... आत ऊन पडलंय."

सरुबाई खाणीच्या दिशेनं वळली. रहिमाबीनं मात्र लालमहंमदचा दंड धरला. "लाल, माझं ऐक. आत्ता खाणीत कोण कोण आहे?"

"सगळे लांब पळालेत. मुकादम ओरडतोय."

"मुकादमाला सांग, एक सुरुंग उडायचा राहिलाय. तांबडं निशाण लाव आणि कुणाला म्हणून खाली उतरू देऊ नको. मग सायकल काढ. हमरस्त्याच्या वडाखाली कांद्याची गाडी सोडून एक जण बसला असेल. चाकणचा ज्योतीराम. त्याला सांग, रहिमाबीनं बोलावलंय, उसवलंय. एवढं सांगितलंस की पुरे."

लालमहंमदनं तिच्याकडं असं पाहिलं की जणू पहिल्यांदाच पाहतोय. मग काही न विचारता तो वळला आणि धावत सुटला.

"मी येणार," सरुबाई म्हणाली.

रहिमाबीनं तिला नको म्हटलं नाही. "विहिरीत उरलंय तेवढं पाणी शेंदून घे," एवढंच म्हणाली.

हंडा आणि कळशी घेऊन दोघी उतारानं खाली निघाल्या. वाटेत रहिमाबीनं जे सांगितलं ते थोडक्यात सांगितलं. जास्त सांगायला वेळही नव्हता.

"ही दुनिया एकटी नाही, सरू. कापडाला अस्तर असतं तशी हिच्या पाठीला दुसरी लागून आहे. मधली शिवण चाकणपासून इकडं पवनेपर्यंत येते. कुठं कुठं ती उसवते. आधी क्वचित उसवायची, कुणी खोल विहीर खणली तर. आता जिकडंतिकडं खणतायत. पलीकडं पाणी नाही. उसवलं की ती दुनिया इकडचं पाणी ओढते. विहिरीतलं, झाडातलं, माणसाच्या अंगातलं."

"आणि तुमी?"

"आम्ही सांधेकरी. उसवलेलं सांधतो. कधीपासून ते कुणाला ठाऊक नाही. माझ्या अम्मीकडून माझ्याकडं आलं. ज्योतीरामकडं त्याच्या मामाकडून. इंद्रायणीवर एक नावाडी आहे, देहूरोडच्या छावणीत एक माळी आहे. ज्याला गावोगाव हिंडता येतं, जमिनीशी काम पडतं, असा माणूस बघून घेतो."

"कुणाला सांगत का न्हाई?"

"सांगितलं तर लोक बघायला येतील. बघायला आलेला माणूस जवळ जातो."

खाणीच्या तोंडाशी तांबडं निशाण फडफडत होतं. आत चिटपाखरू नव्हतं. मागच्या भिंतीला, जिथं काल काळा पाषाण होता, तिथं माणसाहून उंच अशी तिरकी फट पडली होती. ती काळी नव्हती. आत पांढरट पिवळा उजेड होता, चैतातल्या भर दुपारसारखा. खाणीतली धूळ जमिनीवरून सरळ रेघ धरून त्या फटीत जात होती. कडेच्या निवडुंगाची पानं सुकून कागदासारखी झाली होती. सरुबाईला जीभ टाळूला चिकटल्यासारखी वाटली.

रहिमाबीनं सरुबाईचा पदर हंड्यात बुडवला आणि तिच्या तोंडावर बांधला. "माझ्यापुढं पाऊल टाकायचं नाही," ती म्हणाली.

दोघी जवळ गेल्या. आणि सरुबाईनं पलीकडं पाहिलं.

तिथंही टेकडी होती, हीच टेकडी. खाली नदीचं पात्रही तसंच वळण घेत गेलेलं, पण पात्रात नुसते दगड. आणि माणसं होती. डोळ्यांपर्यंत फडकी गुंडाळलेली, सुकलेली, पुष्कळ माणसं. प्रत्येकाच्या हातात काहीतरी भांडं होतं आणि ती भांडी त्यांनी वर, हवेत धरली होती. फटीच्या अगदी तोंडाशी, त्यांच्याकडं तोंड करून एक उंच बाई हात पसरून उभी होती. ती त्यांना पुढं येऊ देत नव्हती.

"ती पलीकडली," रहिमाबी हळूच म्हणाली, आणि तिच्या आवाजात बहिणीचं नाव घेतल्यासारखी माया होती. "इकडून एकट्यानं सांधत नाही, सरू. तिकडूनही कुणीतरी लागतं. तळव्याला तळवा लावून कडा जुळवत न्यायच्या. मी तरणी होते तेव्हापासून हिच्या तळव्याला माझा तळवा लागलाय. हात ओळखीचा आहे, अख्खी आज पहिल्यांदा बघतेय. आजवर बोटभर नाहीतर वीतभर उसवायचं. एवढं कधी नव्हतं."

सरुबाईचं लक्ष तिच्या बोलण्याकडं नव्हतं. त्या बाईच्या पायाशी गेनबा पडला होता. त्याचं डोकं एका म्हाताऱ्यानं मांडीवर घेतलं होतं आणि तो म्हातारा एका वाटीतून, थेंब थेंब करून, त्याच्या ओठांत काहीतरी सोडत होता.

"ते पाणी पाजतायत," सरुबाई म्हणाली. "चाची, त्यांच्याकडं न्हाई आणि ते ह्यांना पाजतायत!"

ज्योतीराम आला तो गाडी दामटतच. उंच, हाडापेरानं मजबूत शेतकरी. त्यानं कांदे वाटेवर ओतून टाकले होते आणि रिकामी गोणपाटं खांद्यावर आणली होती. लालमहंमद खाणीच्या तोंडाशीच, निशाणापाशी पहाऱ्याला थांबला. ज्योतीरामनं फट पाहिली आणि तो जागच्या जागी उभा राहिला.

"चाची, हे आभाळाएवढं हाय."

"म्हणूनच बोलावलं."

"मग बघत काय बसलाय? लावा हात. खाली नदी आटंल."

"माझा माणूस आत हाय," सरुबाई म्हणाली.

ज्योतीरामनं तिच्याकडं पाहिलं, मग गेनबाकडं. त्याचा चेहरा पडला, पण तो म्हणाला, "बाई, पलीकडं गेला त्यो गेला. आमचा नेम हाय. उसवलं की आधी सांधायचं. एका माणसापायी थांबलं तर दहा गावं सुकत्यात."

"नेम कुणी केला?"

ज्योतीरामनं रहिमाबीकडं पाहिलं. मग रहिमाबी म्हणाली, "माझा धाकटा भाऊ कादर असाच पलीकडं गेला होता. चाकणच्या खाली, भामा नदीच्या काठी. तो कडेपाशी उभा होता आणि अम्मीनं सांधलं. मी बाजूला होते. अम्मी चुकली नाही. त्या वक्ताला गावात गोवर होता, घराघरात पोरं निजलेली, त्यांच्या अंगातलं पाणी गेलं असतं. अम्मीनं सांधलं आणि घरी येऊन भाकरी केली. ती भाकरी मी खाल्ली." तिनं फटीकडं बोट केलं. "पण कादरला कुणी उचलून आणत नव्हतं, ज्योतीराम. हे उचलतायत. बघ."

खरंच, पलीकडच्या दोघांनी गेनबाला हातापायांनी धरून उचललं होतं आणि ते फटीकडं येत होते. त्यांचे पाय लटपटत होते. उंच बाईनं वळून रहिमाबीकडं पाहिलं, आणि दोन्ही हात पुढं करून, घ्या, अशी खूण केली.

ज्योतीराम मग पुढं सरसावला. त्यानं गोणपाट हंड्यात भिजवलं, अंगावर घेतलं, कमरेला बैलगाडीचा दोर बांधून त्याचं टोक दोघी बायांच्या हातात दिलं, आणि फटीत कमरेपर्यंत शिरला. भिजल्या गोणपाटातून पांढऱ्या वाफेचा लोट निघाला आणि पलीकडं उडून गेला. एक हिसका, दुसरा हिसका, आणि गेनबा खाणीच्या जमिनीवर येऊन पडला. त्याची कातडी पापडासारखी झाली होती. सरुबाईनं ओंजळीनं त्याच्या तोंडात पाणी सोडलं. त्यानं डोळे उघडले.

"त्यांनी मला पाजलं," तो म्हणाला. "समद्यांनी थेंब थेंब काढून दिलं, सरू."

"बोलू नका."

ज्योतीराम कोरड्या पडलेल्या गोणपाटातून बाहेर येत म्हणाला, "आता सांधा, चाची. आता कुणी न्हाई आत."

रहिमाबीनं हात वर केले. पण सरुबाई तिच्यापुढं येऊन उभी राहिली. ती त्या गोणपाटाकडं बघत होती आणि मग पलीकडच्या भांड्यांकडं. पलीकडं अजून सगळ्यांनी भांडी वर धरली होती. वाफ त्यांच्या डोक्यावरून आभाळात जात होती आणि विरत होती.

"चाची, त्यांच्या भांड्यात काय पडलं का?"

"नाही."

"माझी विहीर आटली. ते पाणी त्यांना मिळालं का?"

"नाही, बेटी. वाफ होते. वर जाते. कुणाच्याच कामी येत नाही."

"तोंड एवढं मोठं हाय म्हणून वाफ होतीया," सरुबाई म्हणाली. ती मोटेचं पाणी पाटानं वाफ्यात सोडणारी बाई होती. तिच्या डोळ्यांपुढं तेच आलं असावं. "पाट बारीक ठेवला तर पाणी पाणीच ऱ्हाईल की. सगळं बंद कशापायी करायचं? खाली एवढं," तिनं मूठ दाखवली, "एवढं ठेवा."

"न्हाई जमायचं," ज्योतीराम म्हणाला. "उसवण जराशी जरी ऱ्हायली तरी पुन्हा वाढतीया. आमी दोन बोटं सोडून बघितलंय. सकाळपातूर हातभर झाली."

"कड तशीच सोडली असेल," रहिमाबी एकदम म्हणाली. ती बोलत होती ज्योतीरामशी, पण बघत होती स्वतःच्या हातांकडं. "सदऱ्याला काज करतात, ते पण कापडाला पाडलेलं भोकच. ते का उसवत नाही? त्याच्या कडेनं गोल टाके घालतात म्हणून. आपण आजवर सरळ सांधत आलो. गोल कुणी फिरलंच नाही."

"आन चुकलं तर?"

"तर पुन्हा सरळ सांधू. तू आहेस, मी आहे."

ज्योतीरामनं एकदा नदीच्या दिशेनं पाहिलं, एकदा पलीकडच्या म्हाताऱ्याकडं, ज्याची वाटी आता रिकामी होती. "वरचं मी बघतो," तो म्हणाला. "तुमचा हात पुरायचा न्हाई."

"मधलं मी. खालचं काज..." रहिमाबी सरुबाईकडं वळली. "गुडघ्यावर बसावं लागतं. माझे गुडघे आता वाकत नाहीत. करशील?"

"करीन."

"मग बांगड्या काढाव्या लागतील. काच तिथं तडकते. शिरेत घुसली तर हात जाईल."

सरुबाईनं आपल्या मनगटांकडं पाहिलं. तासाभरापूर्वी चढवलेल्या हिरव्या बांगड्या, तेलपाणी लावून, हात दाबून चढवलेल्या. त्या उतरणाऱ्या नव्हत्या. फोडाव्याच लागणार होत्या. आणि नवरा समोर अर्धमेला पडला होता. गावात कुणी पाहिलं असतं तर कपाळावर हात मारला असता. गेनबानं मान वळवून तिच्याकडं पाहिलं.

"वाढव बांगड्या," तो म्हणाला. "मी जित्ता हाय."

रहिमाबीनंच आपल्या हातानं, दगडावर एकेक करून, त्या वाढवल्या. आयुष्यभर बायांच्या हातांत काच भरलेल्या त्या म्हातारीच्या डोळ्यांतून पाणी आलं आणि गालावर येण्याआधीच फटीच्या दिशेनं वाफ होऊन गेलं.

मग रहिमाबी फटीसमोर उभी राहिली आणि तिनं पलीकडलीला समजावलं. भाषा नव्हतीच. तिनं सरळ हात फिरवून वरची फट मिटवून दाखवली. मग आंगठा आणि तर्जनी जुळवून गोल केला, तो जमिनीजवळ धरला, आणि त्या गोलातून कळशीतलं थोडं पाणी ओतलं. उंच बाई बघत राहिली. तिनं तोच गोल आपल्या बोटांनी केला. मग ती मागं वळून आपल्या माणसांशी काहीतरी बोलली. सुकलेली, तहानलेली ती एवढी मोठी गर्दी, समोर पाणी दिसत असताना, मागं सरली. आपणहून. ज्योतीराम नंतर सांगायचा की त्यानं आयुष्यात खूप धीराची माणसं पाहिली, पण तसं पाऊल मागं घेताना कुणाला पाहिलं नाही.

पलीकडून तिघं पुढं आली, ती उंच बाई, एक तरणा गडी आणि तो वाटीवाला म्हातारा. बाई खाली बसली, सरुबाईच्या समोर.

सरुबाईनं तळवा टेकवला. तापल्या तव्याला हात लागावा तसं झालं. हात मागं घ्यावासा वाटला, पण पलीकडून तिच्या तळव्याला तळवा भिडला होता. खरखरीत, हाडकुळा, कामाचा हात. तो दाबत होता आणि तिनंही दाबलं. बोटांखाली दगडाची कड कणकेसारखी मऊ झाल्याचं तिला जाणवलं. वर ज्योतीराम दात खाऊन हुंकार देत होता. रहिमाबी ओठातल्या ओठात अल्लाचं नाव घेत होती. सरुबाईला देवाचं नावही आठवेना. ती फक्त गोल फिरत राहिली, आणि समोरचा हात तिच्याबरोबर फिरत राहिला, चुकला नाही, घाईला आला नाही. एकदा तिचा हात थिजला तेव्हा पलीकडच्या बोटांनी तिच्या बोटांवर हलकेच थोपटलं. दळताना जोडीदारीण खुंटा सावरून घेते तसं.

वरचा उजेड मिटला. मधला मिटला. धुळीची रेघ मोडली आणि खाणीत साधी, ओळखीची सावली पडली. भिंतीच्या तळाशी मुठीएवढं एक गोल तोंड उरलं. त्याची कड पाट्याच्या दगडासारखी गुळगुळीत होती.

"थांबा," रहिमाबी म्हणाली. सगळे बघत राहिले. कड वाढली नाही. विहिरीकाठचा वारा जसा यावा तसा मामुली वारा त्या तोंडातून आत जात होता, बस्स.

सरुबाईनं कळशी उचलली. तळव्यांची सालटं निघाली होती, तरी उचलली. तिनं तोंडाशी कळशी कलती केली आणि धार सोडली. थोडी वाफ झाली. बाकीचं पाणी पाणीच राहिलं आणि आत गेलं. आणि मग पलीकडून आवाज आला. भांड्यात धार पडल्याचा, साधा, घरोघरी रोज ऐकू येणारा आवाज.

त्यामागोमाग दुसरा आवाज आला, पुष्कळ माणसं एकदम रडतात किंवा एकदम हसतात तसा. कुठला ते त्यांना कळलं नाही.

लालमहंमदनं संध्याकाळी निशाण काढलं आणि मुकादमाला सांगितलं की त्या अंगाचा दगड पोकळ निघाला, सुरुंग वाया जातोय, टेकडीच्या पलीकडच्या बाजूला चांगला काळा दगड आहे. मुकादमाला दगडाशी मतलब. खाण तिकडं सरकली. पुढं लालमहंमदही सांधेकरी झाला आणि जिथं जिथं बार उडायचे तिथं भिंतीला आधी त्याचा तळवा लागू लागला.

विहिरीला आठवड्याभरात पाणी आलं, पण पूर्वीइतकं नाही. गेनबा अंथरुणातून उठला त्याच दिवशी त्यानं कुदळ घेतली आणि मोटेचं पाणी पडतं त्या थारोळ्यापासून खाणीपर्यंत पाट काढायला सुरुवात केली. त्यानं हे कुणाला विचारलं नाही. सरुबाईनंही का म्हणून विचारलं नाही. सकाळची पहिली मोट त्या पाटाला जाऊ लागली. त्यामुळं वांगी-मिरचीचा वाफा मोडला आणि मळ्याचा निम्मा तुकडा कोरडवाहू झाला. गाव हसलं. पडक्या खाणीत पाणी सोडणारा खुळा म्हणून गेनबाला चिडवू लागलं. तो म्हणायचा, "तिथं चिंच लावायची हाय मला." आणि खरंच त्यानं तिथं एक चिंच लावली, म्हणजे बोलायला जागा राहिली नाही.

देहूरोडचा माळी आणि इंद्रायणीवरचा नावाडी, दोघं मिळून एके दिवशी आले. नेम मोडला म्हणून जाब विचारायला आले होते. रहिमाबी त्यांना घेऊन खाणीत उतरली आणि बाजूला बसून राहिली. नावाडी तोंडाशी वाकला, आत हात घातला. बराच वेळ त्यानं हात काढला नाही. काढला तेव्हा तो ओला होता. पलीकडून कुणीतरी त्याच्या हातावर पाणी घातलं होतं. त्यांचं पाणी, त्यांनी साठवलेलं, पाहुण्याला दिलेलं. नावाडी उठला आणि म्हणाला, "चाची, ते गोल कसं फिरवायचं ते मला दाखवा."

त्यानंतर चाकणला एक काज झालं, भामेच्या काठी एक. सगळीकडं करता आलं असं नाही. दोन ठिकाणी कड धरली नाही आणि सरळ सांधावं लागलं. त्या दोन्ही दिवशी ज्योतीराम घरी जेवला नाही. पण जिथं कड धरली तिथं धरली. कारखाने वाढत गेले, पाये खणले जात होते, रस्ते फुटत होते, आणि बांगड्या विकणारी, कांदे वाहणारा, फुलझाडं लावणारा, नाव हाकणारा अशी ही मूठभर माणसं त्या सगळ्या खणण्याच्या मागं मागं, कुणाला न सांगता, तळवे टेकवत फिरत होती. त्यांचं नाव कुठं लागलं नाही. त्यांना ते लागायला नकोच होतं.

सरुबाईचे तळवे बरे झाले, पण त्यावरच्या रेषा गेल्या त्या गेल्याच. ती रोज सकाळी पाटाबरोबर खाणीत उतरायची आणि धार लागली की हात आत घालायची. पलीकडं तो खरखरीत हात असायचाच. हात दाबून दोघी आपापल्या कामाला लागत.

मग एका सकाळी, गेनबानं मोट सोडल्यावर, त्या हातानं सरुबाईच्या हातात काहीतरी ठेवलं. तिनं बाहेर काढून पाहिलं. जुडीभर कोवळा पाला होता, जाडसर, निळसर हिरवा, मुळाला माती तशीच ओली. असली भाजी तिनं कधी पाहिली नव्हती. पात्रातल्या दगडांत कुठंतरी वाफा धरला होता त्यांनी.

त्या दिवशी ज्योतीराम आणि रहिमाबी दोघंही आले होते. ज्योतीराम म्हणाला, "इषारी असंल. तिकडचं काय इकडं घ्यायचं न्हाई, हा तरी नेम ठेवा."

रहिमाबीनं एक पान तोडलं, तोंडात टाकलं आणि नेहमीसारखं घोळवून घोळवून चावलं. सगळे तिच्या तोंडाकडं बघत होते.

"मीठ जरा बेतानं घाल," ती सरुबाईला म्हणाली. "अंगचंच खारट आहे."

सरुबाईनं पाला निवडला, धुतला, लसणाची फोडणी करून तव्यावर परतला. चौघांच्या भाकरीवर थोडा थोडा येईल एवढा झाला. गेनबानं पहिला घास घेतला, आणि तो गिळायच्या आधीच ज्योतीरामनं आपली कोरडी भाकरी तव्याकडं सरकवली.